कर्जाचा खोडवा

बारामतीत अर्धा किलो पेढे घेऊन बँकेत शिरणारा माणूस दोनच कारणांनी शिरतो. एक तर त्याचं कर्ज मंजूर झालेलं असतं, नाही तर फिटलेलं असतं. यंदाच्या मार्चमध्ये आम्ही नवराबायको निघालो होतो ते दुसऱ्या कारणासाठी. घराचं पंधरा वर्षांचं कर्ज त्या महिन्यात पुरं होत होतं. बेबाकी दाखला घ्यायचा, घराची मूळ कागदपत्रं सोडवायची, पेढे वाटायचे आणि तिथून तसंच एमआयडीसीत जाऊन बायकोनं कंपनीत राजीनामा द्यायचा, असा त्या दिवसाचा कार्यक्रम होता. राजीनामा तिनं लिहून पर्समध्ये ठेवला होता. ठेवणीतली साडी नेसली होती. मला म्हणाली, "अहो, तो चौकड्यांचा शर्ट नका घालू. बँकेच्या दारात फोटो काढायचाय आपल्याला."

मी चौकड्यांचाच घातला. लग्नाला इतकी वर्षं झाली की असल्या सूचना कानावरून वाऱ्यासारख्या जातात.

बायको एका कपड्यांच्या कंपनीत शिलाईच्या लाईनवर सुपरवायझर. नाव भारदस्त असलं तरी सुपरवायझरनं बसायचं नसतं. मशीनींच्या रांगेतून दिवसभर उभ्यानं फिरायचं, कुणाची कॉलर वाकडी, कुणाची बाही उलटी, ते बघायचं. संध्याकाळी घरी आली की पहिला अर्धा तास ती भिंतीला पाय टेकवून आडवी पडायची. त्या अर्ध्या तासात तिला काही विचारलं तर मिळणारं उत्तर छापण्याजोगं नसायचं. तिचं माहेर भिगवणजवळच्या डाळजचं, भाजीपाला पिकवणारं. टोमॅटो आणि मिरचीची रोपं बघतच ती मोठी झालेली. घर घेताना तिनं एकच अट घातली होती.

"पंधरा वर्षं मी दुसऱ्यांचे शर्ट बघीन. हप्ता संपला की माझी स्वतःची रोपवाटिका. तेव्हा मला कुणी अडवायचं नाही."

"कोण अडवतंय?" मी म्हणालो होतो. त्या वेळी पंधरा वर्षं म्हणजे मला इतकी लांबची गोष्ट वाटत होती की मी तिला हेलिकॉप्टरसुद्धा कबूल केलं असतं.

आता बँकेत शिरण्याआधी आमच्या घराण्याची एक रीत सांगायला हवी. ती सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही, आणि कळलं तरी माझी कीव येणार नाही.

आमची शेती इंदापूर तालुक्यात, कालव्याच्या पाण्याखाली. सगळा ऊस. शेती बघतात माझे वडील, म्हणजे तात्या. मी इंदापूरच्या एका कॉलेजच्या ऑफिसात कारकून. घर मात्र बारामतीत, बायकोची नोकरी आणि मुलीची शाळा तिथं म्हणून. तर आमच्याकडं मार्च महिना आला की नवं-जुनं होतं. गावच्या सोसायटीचं पीककर्ज मार्चअखेर भरून टाकायचं आणि लगेच नवं उचलायचं, याला नवं-जुनं म्हणतात. वेळेत भरणाऱ्याला व्याज जवळजवळ लागत नाही, त्यामुळं सगळे शहाणे लोक हेच करतात. हातात पैसे नसतील तर पाहुण्यांकडून चार दिवसांसाठी आणायचे, भरायचे, नवं कर्ज निघालं की पाहुण्यांचे परत द्यायचे. तात्यांनी आयुष्यात एकही मार्च चुकवलेला नाही. गावात कुणाशी वाद झाला की ते मुद्द्यावर बोलत नाहीत. एकदम म्हणतात, "थकबाकीच्या यादीत माझं नाव दाव, मिशी काढून देतो." समोरचा गप्प बसतो. खरं तर वाद बांधावरच्या लिंबाच्या झाडाचा असतो.

अशा घरात वाढलेल्या माणसानं घराचं कर्ज काढलं तर तो ते कसं फेडणार? नवं-जुनं करूनच.

कर्ज अठरा लाखांचं. हप्ता अठरा हजार आठशे. पहिली दोन वर्षं मी मुकाट्यानं हप्ते भरले. तिसऱ्या वर्षी उसाला दर बरा मिळाला. कारखान्याचं बिल जमा झाल्यावर तात्यांनी मला लाख रुपये दिले आणि म्हणाले, "घराच्या कर्जात भर. मानंवरचं वझं हलकं कर." मी भरले. बँकेतले त्या वेळचे साहेब उठून उभे राहिले, हात मिळवला. मला फार बरं वाटलं. कारकुनाशी उठून हात मिळवणारे साहेब मी आमच्या कॉलेजात अजून पाहिलेले नाहीत.

दोन महिन्यांनी त्याच साहेबांचा फोन. "तुमचं रेकॉर्ड एकदम स्वच्छ आहे सर. तुम्हाला टॉप-अप मिळू शकतो. घरावरच, त्याच व्याजात. हप्ता वाढू देणार नाही, मी बघतो."

मी गावी जाऊन तात्यांना विचारलं. तात्या गव्हाणीत वैरण टाकत होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"म्हंजी भरल्यालं परत उचलायचं?"

"हो. थोडं जास्तच देतायत."

"आरं मग हे नवं-जुनंच की!" तात्यांचा चेहरा उजळला. शहरातल्या बँकेलाही शेवटी आपलीच रीत पटली, असा तो आनंद होता. "घ्या की मग. भरनाऱ्यालाच देत्यात, बुडवनाऱ्याला कोन देतंय?"

त्या पैशांतून आम्ही वरची खोली बांधली, न्हाणीघरासकट. पाहुणे आले तर सोय म्हणून. पाहुणे आले की खालीच झोपतात, कारण पंखा खाली चांगला आहे. वरच्या खोलीत गेली कित्येक वर्षं एक जुना कूलर आणि माझी व्यायामाची सायकल एकमेकांना सोबत करत होती.

पुढं आणखी एकदा चांगलं बिल आलं. ते भरलं आणि गाडी घेतली. तिसऱ्यांदा भरलं आणि स्वयंपाकघर नवं केलं. प्रत्येक वेळी बँकेत जायचं, पेन्सिलीनं फुल्या मारलेल्या जागी दोघांनी सह्या करायच्या, चहा प्यायचा आणि घरी यायचं. बायकोही सहकर्जदार होती, तिनंही सगळ्या फुल्यांवर सह्या केल्या. तिसऱ्या वेळी साहेब कागद चाळताना म्हणाले, "मॅडमचं वय कमी आहे ते छान झालं." बायको तेव्हा चाळिशीची होती. चाळिशीच्या बाईला परक्या माणसानं वय कमी म्हटल्यावर ती पुढची ओळ कशाला वाचेल? बँकेतून निघताना तिनं गॉगल लावला होता.

आणि सगळ्यात गोड गोष्ट अशी की हप्ता वाढला नाहीच, उलट सतरा हजारांवर आला. पगार वर चाललाय, हप्ता खाली येतोय, घर मोठं होतंय, दारात गाडी आहे. माझ्या डोक्यात जरा हवा गेली. कॉलेजात मधल्या सुट्टीत मी नवीन लागलेल्या प्राध्यापकांना घराच्या कर्जाबद्दल सल्ले द्यायला लागलो. "कर्जाला घाबरू नये. कर्ज खेळवावं," असं एक वाक्य मी तयार केलं होतं. अर्थशास्त्राचे एक प्राध्यापक ते वाक्य ऐकून माझ्याकडं बराच वेळ बघत राहिले होते. मला वाटलं, प्रभावित झाले.

त्यानंतर मुलीचं इंजिनिअरिंग लागलं, उसाचे पैसे तिच्या फीला जाऊ लागले आणि बँकेत वरकड काही भरायचं राहिलं नाही. हप्ता तेवढा दर महिन्याला आपोआप कटत होता. आमचा हिशेब सरळ होता. पहिल्या कागदावर पंधरा वर्षं होती, पंधरा वर्षं झाली. पेढे घ्या, निघा.

बँकेत खिडकीपलीकडं एक तरुण ऑफिसर होती, आमच्या मुलीपेक्षा चारेक वर्षांनी मोठी असेल. मी पेढ्यांचा बॉक्स काऊंटरवर ठेवला आणि म्हणालो, "बेबाकी दाखला हवाय. कर्ज संपलं."

"अभिनंदन सर," ती हसून म्हणाली, खातं उघडलं आणि तिचं हसू तसंच राहिलं पण डोळे बदलले. "सर, हेच खातं ना?"

"हेच. एकच आहे."

"यात चौदा लाख वीस हजार बाकी आहेत."

मी म्हणालो, "ते दुसऱ्या कुणाचं असेल. आमच्या आडनावाची माणसं बारामतीत भरपूर आहेत."

तिनं माझं पूर्ण नाव, बायकोचं पूर्ण नाव आणि घराचा पत्ता वाचून दाखवला. पत्त्यात "गणपती मंदिरामागे" हेसुद्धा होतं. आता गणपती मंदिरामागं आमचंच घर आहे.

"मुदत अजून अकरा वर्षं आहे सर."

 बायको पुढं झाली. "पण पंधरा वर्षांचं कर्ज होतं."

"हो मॅडम, पहिलं. नंतर तीन वेळा टॉप-अप झालाय ना, तेव्हा प्रत्येक वेळी मुदत नव्यानं धरली. शेवटच्या वेळी अठरा वर्षं. हप्ता कमी बसावा म्हणून." तिनं स्क्रीन आमच्याकडं वळवली. बिचारी चांगली होती, मागं रांग असूनही समजावून सांगत होती. "हे बघा. तुमच्या अगदी पहिल्या हप्त्यात अठरा हजार आठशेपैकी सव्वाचौदा हजार व्याज होतं. मुद्दलात गेले फक्त साडेचार हजार. सुरुवातीला असंच असतं. बाकी मोठी असते म्हणून व्याज मोठं. जसजशी बाकी उतरते तसं मुद्दल जास्त कटायला लागतं. पण ते कटायला लागलं की तुम्ही पुन्हा उचललंत आणि मुदत वाढवलीत. आठ वर्षांनी तुमची बाकी पुन्हा अठरा लाख होती. म्हणजे पहिल्या दिवशी होती तेवढीच."

"आणि ते आम्ही भरलेले लाख लाख रुपये?" मी विचारलं. 

"ते उत्तमच होतं सर. पहिला लाख नुसता तसाच ठेवला असता ना, तर शेवटचे पंधरा-सोळा हप्ते गळून पडले असते. पण दोन महिन्यांनी तो परत काढलात."

मी मान हलवली. ऊसवाल्या घरातला असल्यानं मला ते एकदम डोळ्यांसमोर दिसलं. ऊस तोडला तरी बुडखा जमिनीतच असतो. पाणी दिलं की पुन्हा फुटतो. त्याला खोडवा म्हणतात. आम्ही दर वेळी वरून तोडत होतो आणि खालून पाणी देत होतो, आणि पीक जोमदार येतंय म्हणून खूश होतो.

बायको मात्र स्क्रीनवरच्या एका ओळीकडं बघत होती. "मुदत अठराच का? वीस का नाही?"

ऑफिसरनं जरा चाचरत सांगितलं. "सरांच्या वयावर इतकी मुदत बसत नव्हती मॅडम. ते अठ्ठावन्नला रिटायर होणार. म्हणून तुमच्या वयावर धरली. तुम्ही अठ्ठावन्नच्या होईपर्यंत."

मॅडमचं वय कमी आहे ते छान झालं. मी बायकोकडं बघायचं टाळलं. बँकेनं शांतपणे, कुणालाही न दुखावता, तिची अकरा वर्षं कामाला लावून ठेवली होती, आणि आम्ही त्यावर चहा पिऊन आलो होतो.

"सर, एक सांगू का?" ऑफिसर म्हणाली. "सिस्टिममध्ये दिसतंय म्हणून विचारावं लागतं. तुम्ही आत्ता चार लाखांच्या टॉप-अपला पात्र आहात."

बायकोनं पेढ्यांचा बॉक्स उचलला. मग काय वाटलं कुणास ठाऊक, उघडला, त्या मुलीला दोन पेढे दिले, आणि म्हणाली, "तुम्ही नीट सांगितलंत. हे आधी कुणी सांगितलं नव्हतं." खरं म्हणजे आधी आम्ही कुणाला विचारलं नव्हतं.

बँकेच्या दारात फोटो काढला नाही. समोर रसवंती होती, तिथल्या बाकड्यावर जाऊन बसलो. दोन ग्लास रस सांगितला. मी काहीतरी बोलायला हवं म्हणून म्हणालो, "व्याजदरसुद्धा मधे वरखाली झाले असणार..."

"अहो," ती म्हणाली, "एखाद्या पोरीनं अर्धा शर्ट शिवून झाला की टाके उसवले, पुन्हा पहिल्या टाक्यापासून सुरुवात केली, असं तीनदा केलं, तर मी तिला काय म्हणीन?"

"काय म्हणशील?"

"मशीनवरून उठवीन तिला."

रस आला. तिनं पर्स उघडली, मला वाटलं पैसे काढतेय. तिनं राजीनामा काढला, एकदा वाचला, पुन्हा घडी घालून ठेवला. "मी मॅनेजरला सांगून बसलेय. पाडव्यानंतर येणार नाही म्हणून. माझ्या जागी दुसरी बघून ठेवलीय त्यांनी."

"मग आता?"

"आता काय? आधी तात्यांकडं जाऊ. 'घ्या की मग' कोण म्हणत होतं?"

रविवारी गावी गेलो.  जाताना गाडीत मी भिगवणच्या माशांचा विषय काढून पाहिला, तिच्या माहेरच्या बाजूचा, हमखास चालणारा. चालला नाही. कालव्याच्या पुलावर ट्रॅक्टर-ट्रॉलीमागं अडकलो, तेव्हा ती एवढंच म्हणाली, "ही गाडीपण त्यातलीच ना?" मी हो म्हणालो. त्यानंतर मला स्टेअरिंग जरा गरम लागायला लागलं.

तात्या ओसरीवर बसले होते. मी सगळं सांगितलं. त्यांना एकदम पटलं नाही.

"मिटलं न्हाय?"

"नाही."

"आरं पर तू भरत हुतास की! एक हप्ता तरी चुकलास का?"

"एकही नाही."

"मग थकबाकी कशी?"

"थकबाकी नाही तात्या. बाकी आहे. चौदा लाख. अकरा वर्षं."

तात्यांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. थकबाकी नसतानाही माणूस अडकू शकतो, ही गोष्ट त्यांच्या हिशेबात कुठंच बसत नव्हती. "नवं-जुनं केल्यावर व्याज न्हाय लागत," ते म्हणाले. "मी जलमभर करतोय."

बायको त्यांच्या समोर खाली बसली. "तात्या, सोसायटीचं कर्ज वर्षाचं असतं. मार्चला ते संपतं, पार संपतं. दुसरं घेता ते नवं असतं, आणि वेळेत भरलं म्हणून व्याजाचं सरकार बघतं. घराच्या कर्जात तसं कोण बघणार? तिथं पहिली वर्षं सगळी व्याजातच जातात. आपण दर वेळी परत पहिल्या वर्षात जाऊन बसलो."

तात्यांनी टोपी पुन्हा डोक्यावर चढवली. मग म्हणाले, "म्हंजी आमी येड्यात निघालो."

"आपण सगळेच. मीपण सह्या केल्यात."

"मग एक काम कर सूनबाई." तात्यांना तोडगा सुचला होता आणि त्यांचा आवाज पुन्हा भरदार झाला. "नोकरी काय वाईट हाय? सावलीतलं काम हाय. अकरा वर्सं म्हंजी काय लई न्हाय. आमी हितं चाळीस वर्सं पानी धरलं."

मी मनात म्हणालो, तात्या, थांबा. पण तात्या आयुष्यात माझ्या मनातलं कधी ऐकत नाहीत.

बायको उठून उभी राहिली. "तात्या, तुम्ही पण उभे राहा."

"का?"

"राहा ना."

तात्या उभे राहिले. मीही राहिलो, कारण बसून राहणं बरं दिसत नव्हतं. ती स्वयंपाकघरात गेली, चहाचं आधण ठेवलं, चहा उकळू दिला, कपात ओतला, आणि तिघांसाठी आणला. तात्या सारखे या पायावरून त्या पायावर होत होते.

"बसू का आता?"

"बसा. एवढ्यात लाईनवर माझी एक फेरी होते. दिवसभरात अशा किती होत असतील?"

तात्या बसले. चहाचा घोट घेतला. आणि मग बायकोनं जे सांगितलं ते तिनं वाटेत गाडीत बसून तयार केलेलं असणार, कारण त्यात एकही शब्द जास्तीचा नव्हता.

"मी पंधरा वर्षं कबूल केली होती, पंधरा केली. एकही हप्ता माझ्या पगारामुळं चुकला नाही. वरची अकरा माझी नाहीत. ती कुणाची आहेत ते तुम्ही बापलेक ठरवा. मी पाडव्याला नोकरी सोडणार."

 आतमध्ये तिनं गॅसवर ठेवलेलं दूध उतू गेलं, तरी कुणी उठलं नाही.

मी त्या दिवशी पहिल्यांदा घाबरलो. इतका वेळ ती सगळी एक गंमतशीर फजिती होती, कॉलेजात रंगवून सांगता येण्याजोगी. आता एक पगार बंद होणार होता आणि अकरा वर्षं माझ्या एकट्याच्या डोक्यावर येणार होती, त्यातली पाच रिटायर झाल्यावरची. मी तोंड उघडलं. आतून जे वाक्य येत होतं ते असं होतं, की अजून दोनच वर्षं काढ, मग बघू. सुदैवानं ते बाहेर पडण्याआधी मला तिचे पाय दिसले. चपला तिनं ओसरीखाली काढल्या होत्या. घोटे सुजलेले होते. रविवार होता, सुट्टीचा दिवस होता, तरी सुजलेले होते.

मी पुण्याला मुलीला फोन लावला. ती नुकतीच नोकरीला लागली आहे आणि असल्या गोष्टी तिला मोबाईलवर बोटानं जमतात. फोन स्पीकरवर ठेवला. तिनं आधी पोटभर हसून घेतलं. मग म्हणाली, "बाबा, हप्ता सतराच ठेवायचा. कमी करून घ्यायचा नाही. त्याच्यावर आणखी काय टाकू शकता ते सांगा."

"वरची खोली भाड्यानं देऊ," बायको म्हणाली. "सहा हजार कुणीही देईल, एमआयडीसीतली पोरं शोधतच असतात."

"टाका. अजून?"

मी तात्यांकडं पाहिलं. तात्या अंगणातल्या चिंचेकडं बघत होते. "वर्साला लाख," ते म्हणाले. "बिल आलं की पयल्यांदा बँकंत. माझ्या हातात यायच्या आधी."

"अजून?"

 बाहेर गाडी उभी होती. तिच्या टपावर तात्यांची कोंबडी बसली होती. "गाडी," मी म्हणालो. "पावणेदोन लाखाला जाईल."

तात्यांना ते लागलं. कारखान्याच्या वार्षिक सभेला ते त्या गाडीतून पुढच्या सीटवर बसून जायचे आणि उतरायला मुद्दाम वेळ लावायचे. पण त्यांनी नुसतं कोंबडीला टपावरून हाकललं.

तिकडं बोटं चालली. "चार वर्षं," मुलगी म्हणाली. "अकराची चार. आईच्या पगाराशिवाय. व्याजाचे जवळजवळ पावणेसहा लाख वाचतात. बाबा तुम्ही रिटायर व्हायच्या दोन वर्षं आधी मोकळे. पण एक अट आहे. भरलेलं परत काढायचं नाही."

"आणि मधेच काही अडचण आली तर?" मी विचारलं.

"बाबा!" ती, तिची आई आणि माझे वडील एकाच वेळी ओरडले. बायको "अहो" म्हणाली, तात्या दुसरंच काहीतरी म्हणाले.

पाडव्याला बायकोनं नोकरी सोडली. कंपनीतल्या बायकांनी तिला निरोप म्हणून एक खुर्ची दिली, गादीची, हात टेकायला असलेली. ती गावी नेऊन तिच्या रोपवाटिकेत, शेडनेटच्या हिरव्या जाळीच्या सावलीत ठेवली आहे. कालव्याकडच्या बाजूचं दहा गुंठे रान तात्यांनी तिला दिलं, त्यातला ऊस मोडून. ऊस मोडताना त्यांचा चेहरा बघवत नव्हता, पण मोडला. गाडी विकली. ती आता रोज बारामतीहून एसटीनं गावी जाते आणि मी इंदापूरला. एकाच एसटीत बसतो आम्ही, ती आधी उतरते. पूर्वी सकाळी आम्ही दोघं घरातून निघून दोन दिशांना जायचो, आता तासभर एकमेकांच्या शेजारी असतो. या वयात नवराबायकोनं रोज तासभर बोलायचं काय हा प्रश्नच आहे, पण ती बहुतेक वेळ मोबाईलवर गिऱ्हाइकांशी बोलत असते. ढबू मिरचीची रोपं कधी मिळतील, कलिंगडाची कधी, उसाच्या कांडीची एक डोळ्याची रोपं आहेत का. तिचा आवाज अजूनही लाईनवरच्या सुपरवायझरचाच आहे. मधल्या सीटवरची माणसं ताठ बसतात.

वरच्या खोलीत एक नवं जोडपं राहायला आलं. कूलर त्यांनी ठेवून घेतला. व्यायामाची सायकल माझ्याकडं परत आली आणि सध्या तिच्यावर टॉवेल वाळत असतात.

रोपवाटिकेतून अजून म्हणण्यासारखं काही उरत नाही. ट्रे, कोकोपीट, शेडनेट, सगळा खर्चच आहे. दोन वेळा अळी आली, एकदा टोमॅटोचे बरेच ट्रे वाया गेले. त्या दिवशी ती एसटीत मोबाईल पर्समध्ये टाकून बसली होती. मी विचारलं, "चुकलं का आपलं?" तिनं माझ्याकडं असं पाहिलं की मी पुढचे तीन थांबे खिडकीबाहेर बघत राहिलो. मग तीच म्हणाली, "चुकलं असेल. पण माझं चुकलं ना? त्याला कुणाच्या सहीची गरज नाही."

परवाच्या बिलातून तात्यांनी कबूल केल्याप्रमाणं लाख रुपये परस्पर बँकेत भरले. भरून आले आणि शेडनेटच्या दारात उभे राहिले. "सूनबाई, उसाची रोपं पायजेत. दोन हजार."

"ॲडव्हान्स?"

"अगं, घरातला मानूस हाय मी!"

"तात्या, बुकिंगला ॲडव्हान्स सगळ्यांना आहे. घरातल्याला पावती मिळंल."

तात्यांनी कुरकुरत कोपरीच्या खिशातून नोटा काढल्या, थुंकी लावून मोजल्या आणि दिल्या. पावती घेतली, वाचली, डोळ्यांजवळ नेऊन पुन्हा वाचली. पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत. खाली बारीक अक्षरात, रोपं नेल्यावर मर झाल्यास जबाबदारी राहणार नाही, असं होतं, तेही वाचलं आणि त्यावर वाद घातला. तासभर घातला. शेवटी पन्नास रोपं जास्तीची मिळवूनच गेले.

रविवारी मीही तिथं असतो. ट्रे भरण्याचं काम माझ्याकडं आहे. पगार नाही, जेवण आहे.

"अहो, किती दाबताय ते! मुळ्यांना जागा नको का?" ती गादीच्या खुर्चीतून म्हणते. पाय तिनं समोरच्या क्रेटवर ठेवलेले असतात.

मी तो ट्रे उलटा करतो आणि पुन्हा पहिल्यापासून भरायला घेतो.